क्विस्तांच्या जागेत

हेर्नेसांद, १८ नोव्हेंबर १९९७

श्री. आल्वार क्विस्त यांस,

सोबत दफनभूमी कार्यालयाचा संमतिअर्ज दोन प्रतींत जोडला आहे. आपली भगिनी व माझी पत्नी इंगेयेर्द हिने लिहून ठेवलेल्या सूचनांनुसार तिचा रक्षाकलश ओदालेन येथे, आपल्या आईवडिलांच्या थडग्यात ठेवायचा आहे. त्या थडग्याचा हक्क आपल्या नावे असल्याने आपल्या सहीवाचून ते होऊ शकत नाही. कायद्याप्रमाणे रक्षा एका वर्षाच्या आत जमिनीत गेली पाहिजे. खुणेच्या जागी सही करून एक प्रत परत पाठवावी. तिकीट लावलेले पाकीट सोबत आहे.

सूचनांचा कागद रुग्णालयातील तिच्या पिशवीत होता. त्यातील या विषयाचा मजकूर जसाच्या तसा उतरवतो: ‘आईबाबांजवळ, क्विस्तांच्या जागेत. हेल्मेरची हरकत नसावी.’

हरकत नाही. येथील दफनभूमीत १९८४ साली मी दोघांसाठी जागा घेतली होती. तेथून बंदर दिसते. ती जागा इंगेयेर्दला पसंत होती असा माझा समज होता.

अंत्यविधीनंतरच्या कॉफीस आपण उपस्थित नव्हता. चौदा माणसे आली होती. केक उरला.

वृत्तपत्रातील मृत्यूच्या जाहिरातीत आपले नाव स्वतंत्रपणे आले नाही. त्याचे कारण स्तंभाची रुंदी हे आहे.

आपला,
हेल्मेर शेडर
निवृत्त लेक्टर, लॅटिन व इतिहास


हेर्नेसांद, ९ डिसेंबर १९९७

श्री. आल्वार क्विस्त यांस,

आपले पाकीट मिळाले. त्यात संमतिअर्ज नव्हता. पत्रही नव्हते. वृत्तपत्रातून कापलेली ती जाहिरात तेवढी होती: वर इंगेयेर्दचे नाव, त्याखाली माझे, आणि त्याखाली ‘नातलग व मित्र’. या तीन शब्दांखाली आपण पेन्सिलीने रेघ मारली आहे. ती सरळ आलेली नाही.

याला उत्तर द्यावयाचे तर १९७६ साली जे घडले त्यापासून सुरुवात करावी लागेल. आपण ते विसरला असाल. नट म्हणून आपल्याला साठ-सत्तर भूमिका करावयाच्या होत्या, मला एकच मिळाली होती.

त्या फेब्रुवारीत आपला दोन भागांचा दूरदर्शनपट लागला. देशात वाहिन्या दोनच, त्यामुळे सारे गाव तोच पाहत होते. आपण त्यात लॅटिनचा मास्तर झाला होता. त्या मास्तराने टायच्या टोकाने चष्मा पुसला. खिडकीची कडी दोनदा तपासली. उत्तर देण्यापूर्वी खडूचे बोट खालच्या ओठावर टेकवले आणि ‘तर मग’ असे म्हटले. दहाव्या मिनिटाला मी उठून झोपण्याच्या खोलीत गेलो.

दुसऱ्या दिवशी मी वर्गात शिरलो तेव्हा बत्तीस मुलांनी एकाच वेळी, नसलेले चष्मे काढून, नसलेल्या टायला पुसले. मागच्या बाकावरून कोणी म्हणाले, “लेक्टर, काल टीव्हीवर फर्मास काम केलंत!” मी हजेरी घेतली. पुढची तेरा वर्षे मी त्या शाळेत टाय न बांधता गेलो. टाय न बांधणारा लेक्टर म्हणजे काय, हे आपल्याला ठाऊक आहे.

आपण आमच्या घरी नाताळला येत होता, आमचे मीठ खात होता, आणि टेबलापलीकडून माझी मापे घेत होता. त्यानंतर मी आपल्याला लिहिलेले पत्र कठोर होते, परंतु अयोग्य होते असे मी मानत नाही. त्या पत्रामुळे आपली भगिनी आपल्याला मुकली, असे म्हणता येणार नाही. तिने तशी तक्रार कधीही केली नाही.

संमतिअर्जाची तिसरी प्रत जोडत आहे.

हेल्मेर शेडर


हेर्नेसांद, २१ जानेवारी १९९८

श्री. आल्वार यांस,

आपले उत्तर नाही. तरीही लिहितो, कारण मागील पत्रातील एक विधान चुकीचे होते आणि चुकीचे विधान दुरुस्त न करता ठेवण्याची मला सवय नाही.

समोरच्या घरात विवी-आन ऊमान राहतात. पूर्वी त्यांचे केस कापण्याचे दुकान होते, त्यामुळे बोलण्याची सवय अद्याप गेलेली नाही. इंगेयेर्द दर आठवड्याला, कधी मंगळवारी, कधी शनिवारी, त्यांच्याकडे विणकामाला जात असे. परवा त्या आल्या, बूट दारात काढले आणि माझ्या परवानगीची वाट न पाहता कॉफी टाकली.

“लेक्टर, तुमच्याकडे एक वही द्यायचीय,” त्या म्हणाल्या. “माझ्या चादरींच्या कपाटात होती. आता माझ्याकडे ठेवून काय करू?”

“कसली वही?”

“विणकामाची.” आणि हसल्या. “अहो, एकवीस वर्षं ती माझ्याकडे विणायला येत होती. एक मोजा तरी घरी आणला का तिने? तुम्ही कधी विचारलंत?”

मी विचारले नव्हते. तिला त्या कलेत गती नसावी असे मी धरून चाललो होतो.

ती शाळकरी वही आहे, निळ्या पुठ्ठ्याची. सुरुवातीची पाने आमच्या घरी लिहिलेली दिसतात. १९७६ नंतरची समोरच्या घरी, कारण आमच्या घरी आपले नाव असलेला कार्यक्रम लागत नसे. तशी आज्ञा मी दिली नव्हती. मी फक्त संच बंद करत असे.

काही ओळी उतरवतो. त्या आपल्याविषयी असल्याने त्यांवर आपला हक्क आहे.

‘१९६१. स्टेशनमास्तर. टोपी डोक्याला मोठी. शिट्टी झकास.’
‘१९६८. पाद्री. तीन वाक्यं. दुसरं चांगलं.’
‘१९७१. खून झालेला वाणी. पापणी हलली. हेल्मेरला नाही दिसली.’
‘१९८३. मुलांची नाताळची मालिका. बिज्जू. नुसता आवाज. आईसारखा खोकतो.’
‘१९८९. खासदार. जाड झालाय. कोण घालतंय एवढं जेवायला?’
‘१९९४. पोलीस मालिका. शेजारी. दार उघडतो, “मला काही ऐकू आलं नाही” म्हणतो, दार लावतो. एवढंच. पण दार असं लावलं की खून त्यानेच केला वाटावं.’
‘१९९६. आजोबा. उजवा हात कापतो. भूमिकेतला की खरा? कोणाला विचारू?’

शेवटचा प्रश्न मी आता विचारत आहे. आपला हात कसा आहे?

विवी-आनना मी म्हणालो की इंगेयेर्दने मला हे सांगावयास हवे होते. त्यांनी कप खाली ठेवला. “आणि सांगितलं असतं तर?”

मी त्यांच्या कपात आणखी कॉफी ओतली.

आणखी एक गोष्ट, तिचा अर्थ मला परवा कळला. क्विस्तांच्या जागेत आपले आईवडील आहेत आणि पुढे आपण असाल. जिवंतपणी ज्याच्याबरोबर एका टेबलाशी बसता आले नाही, त्याच्या शेजारी जागा मागून इंगेयेर्द गेली आहे. बंदर दिसणारी जागा तिला नापसंत नव्हती. तिला माझ्यापासून दूर जावयाचे होते असे मी दोन महिने समजत होतो. ते तसे नसावे. परंतु परिणाम तोच आहे.

हेल्मेर शेडर


हेर्नेसांद, ४ एप्रिल १९९८

श्री. आल्वार यांस,

लॅटिनच्या मास्तरांचा आपला दूरदर्शनपट गेल्या शनिवारी दुपारी पुन्हा दाखवण्यात आला. विवी-आन यांनी तो फितीवर घेतला आणि मला बोलावून खुर्चीत बसवले. “दहाव्या मिनिटाला उठलात तर दार बाहेरून लावीन,” असे त्या म्हणाल्या.

मी उठलो नाही. मास्तराने चष्मा पुसला, कडी तपासली. मुले हसली. विवी-आनही हसल्या आणि मग माझ्याकडे पाहून म्हणाल्या, “सॉरी हं, पण अगदी तुम्हीच!”

दुसऱ्या भागाविषयी मला बावीस वर्षे काहीच माहीत नव्हते. त्यात मास्तर घरी येतो. स्वयंपाकघरात बसून वह्या तपासतो. नापास होणाऱ्या मुलाची वही तो तीनदा वाचतो, कुठे एखादा गुण देता येईल का म्हणून. आतल्या खोलीतून त्याची बायको विचारते, कॉफी संपली का? ती पडद्यावर दिसतच नाही. मास्तर तोंड न उघडता, ओठांच्या फटीतून छोटासा श्वास आत ओढतो.

बस्स, तेवढेच. तिकडे वर, आपल्या भागात, होकार असा देतात. मी दक्षिणेकडच्या लुंडचा. आमच्याकडे होकार शब्दाने द्यावा लागतो. १९५१ साली मी इंगेयेर्दला लग्नाचे विचारले तेव्हा तिने तसाच श्वास ओढला, आणि मी टोपी हातात घेऊन उत्तराची वाट पाहत उभा राहिलो. शेवटी ती म्हणाली, “दिलं की उत्तर. किती वेळा देऊ?” पुढे शेहेचाळीस वर्षे तो श्वास या घरात रोज ऐकू येत होता. जिन्यावरून, बेसिनपाशी, वर्तमानपत्रामागून. तिच्या आवाजाची कोणतीही फीत माझ्याकडे नाही. आम्ही तसे लोक नव्हतो.

मास्तराची उरलेली सगळी लकब माझी होती. ती एक तिची होती. भावाबहिणीत ती सारखी असणारच, हे मला समजते. विवी-आनना मी ती फीत मागे न्यावयास सांगितली. तीनदा. चौथ्या वेळी त्यांनी न सांगता नेली आणि स्वतः स्वयंपाकघरात निघून गेल्या.

या चित्रपटाविषयी वहीत काय आहे ते मी मागच्या पत्रात मुद्दाम गाळले होते. आता लिहितो: ‘१९७६. लेक्टर. आल्वारने हेल्मेरला माझ्यासारखंच पाहिलंय. हेल्मेरने शेवटपर्यंत पाहायला हवं होतं.’

हेल्मेर शेडर


हेर्नेसांद, १६ मे १९९८

आल्वार यांस,

स्तंभाच्या रुंदीचे कारण खरे नव्हते.

ऑक्टोबरात मी जाहिरात द्यावयास गेलो तेव्हा खिडकीवरच्या बाईंनी विचारले, “भावंडं?”

“‘नातलग व मित्र’ पुरेसे आहे.”

“अहो, पण सख्खा भाऊ आहे ना त्यांना? तो टीव्हीवरचा? नेहमी मरतो तो?”

“जागा मर्यादित आहे.”

“लेक्टर, जागा मी मोजते. तुम्ही नावं सांगा.”

मी नाव सांगितले नाही. इंगेयेर्दला जाऊन चार दिवस झाले होते, आणि त्या क्षणी मला समाधान वाटले होते. हे मी लिहून ठेवतो, कारण ते कोणाला तरी सांगणे आवश्यक आहे आणि आपल्याखेरीज सांगण्याजोगे कोणी उरलेले नाही.

दुसरी गोष्ट. आपण कॉफीला नव्हता असे मी लिहिले. आपण चर्चमध्ये होता, हे लिहिले नाही. पांढरा टाय फक्त अगदी जवळच्या पुरुषांनी बांधावयाचा, बाकीच्यांनी काळा. त्या दिवशी चर्चमध्ये पांढरे टाय दोनच होते, एक पहिल्या बाकावर आणि एक शेवटच्या. दहनाला नेण्यापूर्वी शवपेटीवर फूल ठेवून वळताना मी आपल्याला पाहिले. पहिल्या बाकावर माझ्या शेजारी पाच माणसांची जागा रिकामी होती. मी मान वळवली. आपण सर्वांत शेवटी फूल ठेवले आणि निघून गेलात.

गेल्या मंगळवारी मी पुन्हा त्या खिडकीशी गेलो.

“मृत्यूच्या जाहिरातीत दुरुस्ती करावयाची आहे,” मी म्हणालो.

त्या बाईंनी चष्म्यावरून पाहिले. “म्हणजे? त्या जिवंत आहेत?”

“नाही.”

“मग चूक कुठे झाली?”

मी कागद पुढे सरकवला. त्यांनी तो वाचला आणि आवाज खाली आणला. “लेक्टर, असं कोणी छापत नाही. नाव घालू ना आपण, आभाराच्या जाहिरातीत घालू, गोड दिसेल. हे ‘जाणूनबुजून’ तरी काढा. गाव आहे हो. लोक वर्षभर बोलतील.”

“तो शब्द राहू द्या.”

आज ते छापून आले आहे. कात्रण सोबत आहे. ‘इंगेयेर्द शेडर, माहेरच्या क्विस्त, यांच्या मृत्यूच्या जाहिरातीत त्यांचे बंधू आल्वार क्विस्त यांचे नाव नव्हते. ते मी जाणूनबुजून वगळले. हेल्मेर शेडर.’

सकाळी दूध आणावयास गेलो तेव्हा दुकानातील संभाषण थांबले. विवी-आन रांगेत होत्या. त्या मोठ्याने म्हणाल्या, “काय बघताय सगळे? माणसाने दूध घेऊ नये का?”

सही करावी अथवा न करावी, हा निर्णय आपला. त्यासाठी मी हे छापलेले नाही.

हेल्मेर


हेर्नेसांद, ३ जून १९९८

आल्वार यांस,

परवा आपला दूरध्वनी आला, त्याविषयी लिहितो. अनेक वर्षांत इकडे कोणी ‘हॅलो, मी प्रेत बोलतोय’ असे म्हणून सुरुवात केलेली नाही. फोन ठेवल्यावर मला उत्तर सुचले, परंतु ते विनोदी नव्हते.

आपण जे सांगितले त्यावर मी विचार करत आहे. आपले शब्द असे होते: “अकरा दिवस तो मास्तर मला सापडत नव्हता, लेक्टर. दिग्दर्शक म्हणाला, हरामखोर दाखव. मला हरामखोर मास्तर करायचा नव्हता. मग तुझ्या घरचा नाताळ आठवला. तू खिडकीची कडी दोनदा तपासत होतास, का तर ताईला वारा लागू नये म्हणून. तिथून मला तो माणूस मिळाला. वाटलं, तू बघशील आणि फोन करशील. तुझं पत्र आलं. ते मी पाकिटात ठेवून वर्षभर खिशात घेऊन हिंडलो. त्याच्यानंतर मला मुख्य काम कोणी दिलं नाही, आणि मीही मागितलं नाही.”

याचा संबंध मी माझ्या पत्राशी जोडावा का, असे मी विचारले. आपण म्हणालात, “जोडू नकोस. मी जोडला होता, पण माझं नाक पण मोठं आहे.”

हाताविषयीही कळले. “पूर्वी हात कापून दाखवायचे पैसे मिळायचे. आता आपोआप कापतो, तर म्हणतात जरा जास्त होतंय.” यावर मी हसलो होतो. आपल्याला ऐकू आले नसेल तर येथे नमूद करतो.

संमतिअर्ज मिळाला. २९ ऑगस्टची दुपार ठरली आहे. आपण येणार, असे मी दफनभूमीच्या माणसाला सांगितले आहे. विवी-आन गाडी चालवतील.

हेल्मेर


हेर्नेसांद, १४ सप्टेंबर १९९८

आल्वार,

त्या दिवशी तू माझ्या कोटाच्या खिशात पाकीट कोंबलेस आणि ‘घरी जाऊन उघड, इथे नको, मला रडणाऱ्या माणसाची भूमिका जमत नाही’ असे म्हणालास. मी घरी येऊन उघडले. मग दोन आठवडे टेबलावर ठेवले.

आधी त्या दुपारविषयी. कलश उतरवण्यासाठी दोन दोऱ्या असतात, आणि तुझी दोरी थरथरू लागली म्हणून मी दुसऱ्या हाताने ती धरली, तर माझाही हात थरथरू लागला. विवी-आन म्हणाल्या, “सावकाश, तुम्हां दोघांत मिळून एकच धड हात आहे.” दफनभूमीचा माणूस हसला आणि मग घाबरला. तू हसलास म्हणून मीही हसलो. इंगेयेर्द खाली गेली तेव्हा आपण दोघे हसत होतो, हे योग्य होते की नाही याचा विचार मी केला आहे. तिची हरकत नसावी.

आता त्या कागदाविषयी. त्या थडग्यात आणखी एकाच कलशाची जागा आहे. ती तू माझ्या नावे केली आहेस, सही आणि साक्षीदारासह. खाली लिहिले आहेस: ‘मी एकतीस वेळा मेलोय. दरवेळी कुठेतरी पुरलंच कोणी ना कोणी. माझी काळजी नको. तू तिच्याजवळ राहा.’

आल्वार, मला ते हवे आहे. गेल्या नोव्हेंबरपासून मला दुसरे काही नको होते आणि ते मी तुला एकाही पत्रात लिहिले नाही. तू ते कसे ओळखलेस हे मला ठाऊक आहे. माणसाकडे पाहणे हाच तुझा धंदा.

मी ओदालेनच्या कार्यालयापर्यंत गेलो. बस दोन तास घेते. खिडकीपाशी उभा राहिलो, आतल्या मुलीने “काय काम?” म्हणून विचारले, आणि मी काही नाही म्हणून परत आलो. तो कागद या पत्रासोबत परत पाठवत आहे. मी तो मधोमध फाडला आहे, म्हणजे तू तो पुन्हा पाठवू शकणार नाहीस.

तिला तुझ्याजवळ राहावयाचे होते. तिने ते लिहून ठेवले होते, आणि वर माझी हरकत नसावी असेही लिहिले होते. एकवीस वर्षे माझी हरकत होती. आता एवढ्या एका जागेसाठी ती पुन्हा आड आणणे मला शक्य नाही. मी इथेच, बंदराकडे तोंड करून. एकटा राहणे मला आता जमते. ते मला आवडते असे मात्र मी कोठेही लिहिलेले नाही.

मेल्यावर कोणी कुठे, ते ठरले. माझे मागणे त्याआधीच्या दिवसांसाठी आहे. तुला काम नाही, असे तू म्हणालास. स्टॉकहोमच्या तुझ्या घराच्या जिन्याला चार मजले आहेत, असेही म्हणालास. मागची खोली मी रिकामी केली आहे. तेथे शब्दकोश होते, ते पोटमाळ्यावर नेले. पलंगावर चादर घातली आहे. चादर नीट बसत नाही, ते काम ती करत असे. गाडी सुंड्सवालला बदलावी लागते. मी स्टेशनवर असेन.

गुरुवारी मी वाटाण्याचे सूप करतो. पाकिटावरचे प्रमाण चौघांचे आहे. निम्मे केले तर ते दोघांचे होते. त्याहून कमी करणे मला अजून जमलेले नाही.

हेल्मेर